पाठीमागून येणारं गाणं

आमच्या कांदिवलीच्या बिल्डिंगमधले ते गृहस्थ गावोगाव फिरून गुराख्यांची गाणी जमवतात आणि गातातही. त्यांच्याबरोबर स्टेशनला जायचं म्हणजे वैताग. शेजारून चालत नाहीत, मागून येतात आणि तिथूनच बोलतात.

परवा पार्ल्याच्या कार्यक्रमात त्यांनी आम्हाला खुर्च्या भिंतीकडे फिरवायला लावल्या.

"अहो, लोक काय भिंत बघत बसणार?" संयोजक म्हणाला.

"गुरं माझ्याकडे कुठे बघतात? गुराखी मागूनच गातो."

आम्ही कुरकुरत बसलो. गाणं पाठीमागून येत राहिलं आणि हळूहळू समोरची भिंत दिसेनाशी झाली. शेवटी त्यांनी गुरं घराकडे वळवायची हाक दिली. कुणी टाळ्या वाजवल्या नाहीत. अख्खा हॉल उठून दाराकडे चालू लागला, मीसुद्धा.

ते सगळ्यांच्या मागून आले.