चौथा रकाना

माझ्या सासूबाईंच्या हृदयाच्या दुखण्याला मी अपचन ठरवलं होतं, आणि तेही इंग्रजीत. वय एकोणीस, शिक्षण इंटर पास, आणि घरकामाचा अनुभव म्हणाल तर पोळी अजून गोल होत नव्हती. पण ऐट अशी, की बघणाऱ्याला वाटावं ही आत्ताच विलायतेहून उतरली आहे.

धारला आमच्याकडे डॉक्टर आले की बैठकीत बसत. सासूबाई आत माजघरात, आणि मध्ये पडदा. आपल्या शरीराबद्दल बाईमाणसानं परक्या पुरुषाशी बोलायचं नाही, ही घरची रीत. आजेसासरे दरबारात कामाला होते. दरबार गेला, पडदा राहिला. सासूबाईंनी आतून हळू आवाजात सांगायचं, सुनेनं ते बाहेर जाऊन डॉक्टरांच्या कानावर घालायचं, डॉक्टरांनी विचारलेलं पुन्हा आत न्यायचं. मी लग्न होऊन आले आणि हे खातं माझ्याकडे आलं.

माझ्या ट्रंकेत खिशात मावेल एवढी एक वैद्यकीय शब्दांची डिक्शनरी होती. माझा भाऊ डॉक्टरकी शिकत होता, त्यानं जुनी झाली म्हणून टाकलेली. दुपारी सगळे निजले की मी ती वाचत बसे. अर्थ अर्धाच कळे, पण शब्द काय एकेक! भरजरी शालूच. कधी अंगावर घालायला मिळतील असं होऊन जाई.

त्या दिवशी सासूबाई म्हणाल्या, “डॉक्टरांना सांग, जिना चढले की छातीवर कुणी पाटा ठेवल्यासारखं होतं. खालच्या जबड्यात कळ येते. डावा हात जड पडतो. जरा बसले की जातं. पुन्हा चढले की पुन्हा.”

मी पडद्याबाहेर आले, पदर सारखा केला आणि म्हणाले, “क्रॉनिक डिस्पेप्सिया, डॉक्टरसाहेब.”

डॉक्टरांनी चष्म्यावरून बघितलं. शिकलेली सून बघून बरं वाटलं असावं त्यांना. “जेवणानंतर होतं का?” त्यांनी विचारलं.

आत जाऊन विचारायला चार पावलं पुरली असती. मी जागची हललेसुद्धा नाही. म्हणाले, “हो.”

बाटलीला खुणांची कागदी पट्टी चिकटवलेलं पांढरं औषध आलं. सासूबाई ते मुकाट्यानं महिनाभर घेत राहिल्या. मग घरची सगळी मंडळी मांडूला गेलो. चढावर, तिथल्या त्या पिंपासारख्या पोटाच्या गोरखचिंचेखाली, त्या अचानक खाली बसल्या आणि घामानं चिंब झाल्या. त्यांना तसंच मोटारीत घालून इंदूर गाठलं.

इस्पितळात आमचे हे धावत औषधं आणायला गेले. व्हरांड्यात उरलो मी आणि माझी नणंद. नणंद चौदा वर्षांची, दोन वेण्यांची, पण रीत म्हणजे रीत. मी तिला ‘अहो वन्सं’ म्हणायची आणि ती मला ‘ए वहिनी’. डॉक्टर बाहेर आले आणि विचारू लागले, आधी काही तक्रार होती का. मी पदर सारखा करत राहिले. वन्संनी मात्र पाटा, जबडा, डावा हात, जिना, सगळं एका दमात सांगितलं. पडद्याआड बसून ऐकलं होतं ना तिनं.

डॉक्टर चिडले. “अरे, तो ये पहले क्यों नहीं बताया किसी ने?”

वन्संनी माझ्याकडे बघितलं. मी फरशीकडे.

सासूबाई वाचल्या. पण पुन्हा कधी माडीवर चढल्या नाहीत. त्यांची खिडकी वर होती. दुपारी तिथं बसून त्या रस्ता बघत, ते सुटलं. पुढे बरीच वर्षं जगल्या आणि त्या औषधाबद्दल मला अवाक्षर बोलल्या नाहीत. मीही कबुली दिली नाही. वन्सं तेवढ्या, आम्ही दोघीच असलो की, हळूच म्हणायच्या, “काय डिस्पेप्सियाबाई, चहा टाकता का?” तिसरं माणूस आलं की लगेच चूप.

आता मी देवासला मुलाकडे असते. वन्सं लग्न होऊन खातेगावला गेल्या, तिथंच त्यांचा जन्म गेला. त्यांचा एकुलता एक मुलगा फ्रान्सात लियाँ शहरात नोकरीला आहे. यंदा जूनमध्ये तो आईला घेऊन गेला. नवरात्र लागायच्या बेतात होतं तेव्हा त्याचा फोन आला.

“मामी, आई किचनमध्ये गिर गई. चक्कर आली. हॉस्पिटलवाले म्हणतात खून बहुत कम आहे, कारण काय ते सांगा. आई म्हणते, श्रावणाचे उपवास केले म्हणून.”

“मग?”

“मग डॉक्टर मानत नाहीत ना. मी विचारतो तर आई भिंतीकडे तोंड करून झोपते. तुम्ही बोला. वो आपकी ही सुनती है.”

मी वन्संना फोन लावला. इकडचं तिकडचं झालं. मग मी विचारलं, “अहो वन्सं, खरं काय ते सांगा.” मग त्या म्हणाल्या, “वहिनी, अंगावरून जातंय गं.”

बहात्तराव्या वर्षी!

“मुलाला सांगितलं?”

“त्याला? पोटच्या पोराला हे कसं सांगू? डॉक्टर म्हणून येतो तोही बाप्या. तूच सांग. पडद्याबाहेर जायचं काम तुझंच होतं ना?”

मी भाच्याला एवढंच म्हटलं, बाई-डॉक्टर असेल तर आई बोलेल, आणि मी फोनवर मध्ये असेन. पोरगं शहाणं, कारण विचारलं नाही. त्यानं चार दिवसांनंतरची वेळ ठरवली. तिथले सकाळचे अकरा, म्हणजे आपल्याकडे दुपारचे अडीच. ती डॉक्टरीण फ्रेंच, पण तिला इंग्रजी बरं येत होतं.

चार दिवस हातात. मी पुन्हा तेच करून ठेवलं तर? तेव्हा मधे होता पडदा, आता सात समुद्र होते.

माझी नात इंदूरला फार्मसी शिकते, रोज बसनं अप-डाउन करते. तिला मी सांगितलं, काही वाचायला मिळेल तर आण. दुसऱ्या दिवशी तिनं बसस्टँडजवळच्या फोटोकॉपीवाल्याकडून कागदांचा हा एवढा गठ्ठा छापून आणला. “आजी, ये देखो. तीन कॉलम आहेत. पहिल्यात मेडिकल शब्द, दुसऱ्यात इंग्लिशमध्ये त्याचा मतलब, तिसऱ्यात फ्रेंच.”

मी चष्मा चढवला आणि पहिल्या पानावरच थांबले.

माझ्या त्या जुन्या डिक्शनरीत मला फक्त शब्द दिसले होते. शेजारची अर्थाची ओळ मी कधी धड वाचलीच नव्हती! इथं प्रत्येक भरजरी शब्दापुढे एक साधी ओळ होती, सुती लुगड्यासारखी. श्वास घेताना होणारा त्रास. उभं राहिल्यावर डोळ्यांपुढे येणारा अंधार. त्वचेखाली साकळलेलं रक्त. म्हणजे कुणीतरी बसलं होतं आणि माणसाला जे जे होऊ शकतं ते एकेक करून, न घाबरता, लिहून काढलं होतं. मोठा शब्द म्हणजे नुसतं झाकण. आतली वस्तू त्या ओळीत होती.

आणि तिसरा रकाना! नात मोबाइलवर उच्चार लावायची. इंग्रजीतलं हेमरेज, फ्रेंचांनी त्यातला ह गिळून टाकलेला, एमोराजी. ताप म्हणजे फिएव्र. दुखणं म्हणजे दुलर. मी म्हटलं, “आपल्या समोरच्या दुकानदार भियासारखं आहे गं यांचं, अर्धा शब्द तोंडातच ठेवतात, पानाबरोबर.” नात हसून हसून लोळली. पण मला मनातून काहीतरी होत होतं. ज्या गावाचं नाव मला नीट घेता येत नाही, तिथल्या बाईलाही पोटात कळ येते, आणि तिथंही तिला शब्द आहे. आमच्या देवासच्या टेकरीवरच्या देवीपुढे उभं राहिल्यावर जसे हात आपोआप जुळतात, तसे त्या कागदांपुढे माझे जुळायचे बाकी होते.

बाविसाव्या पानावर वन्संचं दुखणं सापडलं. मेट्रोरेजिया. पाळी नसताना किंवा पाळी गेल्यानंतर गर्भाशयातून होणारा रक्तस्राव. फ्रेंचमध्ये मेत्रोराजी.

मी ती ओळ चारदा वाचली. आमच्याकडे जे आई मुलीला कानात सांगते, आणि मुलगी ऐकताना खाली बघते, ते इथं भर दुपारी छापलेलं. वरच्या ओळीत तळहाताचं हाड, खालच्या ओळीत अर्धशिशी, मध्ये हे. लाज नाही, कुजबूज नाही. शेजाऱ्यांशी बरोबरीनं बसलेलं. किती पिढ्या आम्ही पडदे धुतले, वाळवले आणि पुन्हा टांगले!

मी पेन्सिल घेतली, पट्टीनं रेघ मारली आणि चौथा रकाना पाडला. मराठीचा.

दुखण्याच्या पानावर आले तर इंग्रजीत टोचणारं, जळजळणारं, ठोके पडावेत तसं, असं समजावून समजावून लिहिलेलं. माझी पेन्सिल सुटलीच. ठणका. कळ. चमक. सणक. उसण. ठुसठुस. मुरडा. वेणा. नात बघत राहिली. तिची शाळा हिंदीतली, घरी बोलते तेवढीच तिची मराठी.

“आजी, ठणका म्हणजे?”

“नख उखडल्यावर बोट आतून घड्याळासारखं चालतं ना, तो.”

“और कळ?”

“ती येते आणि जाते. येताना सगळं थांबवते.”

हे बोलले आणि पेन्सिल हातात तशीच राहिली. खालच्या जबड्यात कळ येते. जरा बसले की जातं. सासूबाई चौथी शिकलेल्या. पण त्यांनी नेमका शब्द निवडून दिला होता, कधी येते, कधी जाते, कुठवर जाते, सगळं. त्या पाच वाक्यांत अख्खं दुखणं होतं. आणि मी तो सोन्याचा तुकडा बाजूला ठेवून पितळेचा घेऊन बाहेर गेले होते, चमकतो म्हणून.

तरी स्वभाव जातो कुठे! उरलेले दिवस आरशापुढे मेत्रोराजी घोटत होते. डॉक्टरीण काय चकित होईल, देवासची म्हातारी फ्रेंच बोलते! नातीनं पकडलं. “आजी, आप प्रॅक्टिस कर रही हो?” म्हटलं, “दातांचा व्यायाम.”

ठरल्या दिवशी टेकरीवरून नवरात्राचे भोंगे चालू होते, म्हणून खिडक्या लावून घेतल्या. मोबाइलच्या पडद्यावर आधी भाचा दिसला, मग पांढऱ्या केसांची डॉक्टरीण, मग उशीला टेकलेल्या वन्सं, चिमणीएवढ्या झालेल्या. त्या मुलाला म्हणाल्या, “जा, चहा घेऊन ये. सावकाश ये.” तो गेला.

डॉक्टरणीनं इंग्रजीत विचारलं, काय होतंय. मी ते मराठीत विचारलं.

वन्सं माझ्याकडे बघत म्हणाल्या, “गहू काढायच्या वेळी सुरू झालं. पहिल्यांदा परकराला बोराएवढा डाग. मग पंधरा दिवस काही नाही. मग पुन्हा. इथं आल्यावर आठवड्यातून दोनदा. आता रोज. दुखत नाही. ओटीपोट भरल्यासारखं वाटतं, ओलं फडकं आत ठेवल्यासारखं.”

मेत्रोराजी माझ्या जिभेच्या टोकावर येऊन उभी होती, नथ घालून, तयार. मी तिला गिळलं.

आणि सांगितलं. माझं मोडकं इंग्रजी, पण एकही गोष्ट गाळली नाही, एकही घातली नाही. गहू सांगितले, परकर सांगितला, बोर सांगितलं. डॉक्टरणीनं विचारलं, बोर म्हणजे केवढं? मी बोटांनी करून दाखवलं. गहू कोणत्या महिन्यात? मार्च. ती लिहीत राहिली. मग विचारलं, तेव्हापासून वजन उतरलं का? मला माहीत होतं, उतरलं आहे, डोळ्यांनी दिसत होतं. तरी मी म्हटलं, “थांबा, तिला विचारते.” आणि विचारलं.

शेवटी डॉक्टरणीनं पेन खाली ठेवलं, वन्संचा हात हातात घेतला आणि इंग्रजीत म्हणाली, तुम्ही फार स्पष्ट सांगितलंत, आता काय तपासायचं ते मला कळलं. मी ते मराठीत वन्संना सांगितलं, एक शब्द कमी-जास्त न करता. माझं कौतुक त्यात कुठंच नव्हतं. तशीच रीत आहे, आणि ती रीत मला उशिरा आली.

तपासण्या झाल्या. आजार गर्भाशयाच्या आतल्या अस्तरात होता, बाहेर पसरला नव्हता. दसऱ्यानंतर ऑपरेशन झालं. ते तास मी कसे काढले ते सांगत नाही. चौथा रकाना भरत बसले होते, एवढंच.

घरी आल्यावर पाचव्या दिवशी वन्संचाच फोन आला. आवाज बारीक, पण खट्याळपणा जागेवर. “काय डिस्पेप्सियाबाई, आहात का?” मला रडू आलं. म्हटलं, अहो वन्सं, आता तरी ते नाव सोडा. आईंनी जन्मभर मला एका शब्दानं दुखवलं नाही, आणि मी एवढी भित्री, की शेवटपर्यंत त्यांना खरं सांगितलं नाही.

मग त्या म्हणाल्या, “वहिनी, इंदूरच्या त्या इस्पितळात आईनं मला विचारलं होतं, वहिनीनं माझं सगळं नीट सांगितलं होतं ना गं डॉक्टरांना? मी म्हटलं, शब्द न् शब्द. तेव्हाचं माझं ते खोटं तू परवा खरं केलंस. आता नाव सोडते.”