लीलावहिनींनी न पाहिलेला किल्ला

चिंतामणी होटगीकर आमच्या कॉलेजच्या लेखाविभागात माझे वरिष्ठ होते. ते निवृत्त झाल्यावर त्यांची खुर्ची मला मिळाली आणि आता माझीही निवृत्ती तोंडावर आली आहे. खडू घ्यायचे असोत की खुर्च्या, होटगीकर तीन कोटेशनं मागवत, तौलनिक तक्ता करत आणि मगच फाइल पुढे सरकवत. माणूस सरळ, बायकोवर जीव असलेला. फक्त आपल्यामुळे चारचौघांचा खोळंबा झाला की त्यांना मेल्याहून मेल्यासारखं व्हायचं.

त्यांची मुलगी उत्कर्षा प्रागला नोकरी करते. गेल्या वर्षी तिने आईवडिलांना बोलावून घेतलं. तिला रजा नव्हती, म्हणून शहर दाखवणाऱ्या तीन सहली तिने निवडून पाठवल्या. एक बसमधून, एक नदीतल्या बोटीतून आणि एक गाइडबरोबर पायी, टेकडीवरच्या किल्ल्यात. होटगीकरांनी इथे भवानी पेठेत बसूनच त्यांचा तक्ता केला आणि मला दाखवायला ऑफिसात आणला. वेळ, ठिकाणं, गाइडची भाषा, आधी जाऊन आलेल्यांचे शेरे. पायी सहल प्रत्येक रकान्यात वरचढ ठरत होती. मी तक्ता तपासला, उत्तम आहे म्हणालो. लीलावहिनींच्या गुडघ्यांसाठी त्यात रकाना नव्हता, हे आम्हा दोघांनाही दिसलं नाही.

उत्कर्षाला दिसलं होतं. "बाबा, आईला चढ झेपणार नाही. आधी कळवलं तर ते गाडीची सोय करतात."

"कळवायचं काय त्यात? तुझी आई काय आजारी आहे का?"

पहिल्याच चढावर वहिनी थांबल्या. सगळी मंडळी मागे वळून बघू लागली. गाडी मागवू का, असं गाइडने विचारलं, तर होटगीकर हसून "नो प्रॉब्लेम, नो प्रॉब्लेम" म्हणाले. कसंबसं फाटकापर्यंत नेऊन त्यांनी वहिनींना एका बाकावर बसवलं, जागा सोडू नकोस म्हणून बजावलं आणि ते आत गेले. सगळा किल्ला बघून आले. परत आल्यावर हे त्यांनीच मला सांगितलं, तेही खिडकीबाहेर बघत.

आमच्या पेठेतल्या ज्येष्ठ नागरिक संघात परदेशी जाऊन आलेल्याचं भाषण ठेवायची पद्धत आहे. होटगीकरांचं भाषण झालं. पूल, घड्याळ, किल्ला असं क्रमवार, नीटनेटकं. पुढच्या रांगेतल्या मायाक्कांना मात्र ते पटेना. त्या वहिनींच्या शेजारच्याच, दोघी रोज एकत्र भाजी आणायला जातात.

"लीलाताई, किल्ला तर टेकडीवर म्हणतात. तुमी कशा चढला वो? हितं आमच्या जिन्याला तर कंटाळता की."

बायका हसल्या. वहिनीही हसल्या. "चढले की. हळूहळू."

"आत काय होतं?"

"मोठं चर्च आहे आत. खिडक्यांना रंगीत काचा. ऊन आलं की फरशीवर निळा-तांबडा उजेड पडतो. मी हात धरला त्याखाली, तर हात निळा झाला."

मला खरं काय ते माहीत होतं. मी माझ्या चपलांकडे बघत बसलो. उजेडाचं होटगीकरांनी त्यांना सांगितलं असणार. निळा हात मात्र वहिनींचा स्वतःचा होता. नवऱ्याने आपल्याला बाहेर बसवून ठेवलं, हे चार बायकांत कळू नये एवढ्यासाठी त्या तो रचत होत्या.

होटगीकर अजून माइकजवळच उभे होते. ते म्हणाले, "लीला आत आली नव्हती. मी तिला फाटकाशी बसवून गेलो होतो."

मायाक्कांनी हळूच विचारलं, "मग एवढा वेळ तितं काय केलं वो?"

"काय करणार? बसले," वहिनी म्हणाल्या. "फोन यांच्याजवळ. बाथरूम कुठं आहे ठाऊक नाही, म्हणून पाणीसुद्धा प्यायले नाही. जागा सोडू नको म्हणाले होते."

हे होटगीकरांनाही नवीन होतं. त्यांच्या चेहऱ्यावरून ते सगळ्या सभागृहाला कळलं. परत आल्यापासून त्यांनी वहिनींना एकदाही ते विचारलं नव्हतं.

परतताना रिक्षात मी पुढे बसलो होतो. मागे वहिनी म्हणाल्या, "तुम्हाला कोणी विचारलं होतं? चार बायकांत मला खोटी पाडलीत."

"खरं सांगितलं गं."

"खरं मला ठाऊक होतंच की."

त्यानंतर वहिनी संघात येईनाशा झाल्या. भाजीलाही मायाक्कांच्या आधी एकट्या जाऊन येऊ लागल्या. होटगीकर एकटे येत, मागच्या रांगेत बसत आणि चहा व्हायच्या आत उठत.

परवा त्यांच्याकडे गेलो होतो. उत्कर्षाने पुन्हा बोलावलं होतं आणि यंदाही सहली पाठवल्या होत्या. होटगीकर मोबाइल घेऊन स्वयंपाकघराच्या दाराशी उभे होते.

"बोटीचं बघू का?"

वहिनी भाकरी थापत होत्या, त्यांनी मान वर केली नाही. "बोटीत चढायला पायऱ्या आहेत का, ते आधी विचारा."

होटगीकरांनी तिथेच उत्कर्षाला फोन लावला. तिकडे नीट ऐकू जाईना, म्हणून ते गॅलरीत गेले. खालच्या अंगणात मायाक्का आणि आणखी दोघी शेंगा निवडत बसल्या होत्या. त्यांना बघून होटगीकर क्षणभर थांबले. कान लाल झाले होते.

"उत्कर्षा, त्यांना लिहून कळव," ते मोठ्याने म्हणाले, "माझ्या बायकोला पायऱ्या चढवत नाहीत. आणि बाथरूम कुठं आहे तेही विचार."

खालच्या बायकांनी माना वर केल्या. आत भाकरीचा आवाज थांबला होता. जरा वेळाने तो पुन्हा सुरू झाला.