पडद्यावर पुसलेले कुंकू

हे पांडुरंगा, हे अंतर्यामी! डोळ्यांना दिसते ते खरे की मनाला भासते ते खरे, याचा निवाडा तुझ्यावाचून कोण करणार? तुझ्या चरणी माथा टेकवावा आणि तुझ्याच एका लेकराची कथा सांगावी. शहापूरच्या विणकर गल्लीतील शालूबाई, ती ही माउली.

पती मष्णू माग चालवी, शालूबाई त्यासाठी सुताच्या कांड्या भरीत. असा त्यांचा जन्म चालला होता. गेल्या वर्षी एका वेब सिरीजची मंडळी त्यांच्या घरी चित्रीकरणाला आली. कथा भयाची, पण भूतपिशाच्चाची नव्हे, मनातल्या अंधाराची. पहिल्याच भागात शालूबाईंना काम मिळाले. "कुंकू पुसा, आरशात बघा आणि म्हणा, हे घर कुणाचं?" दिग्दर्शकाने सांगितले तेवढे शालूबाईंनी केले. मंडळींनी मष्णूचा फोटो मागितला, त्याने तो हौसेने दिला.

परवा शेजारच्या अंबुबाईंच्या मोबाइलवर तो भाग पाहिला, तेव्हा अर्थ उमगला. शालूबाईंनी वठवलेल्या बाईचा नवरा वारलेला असतो, आणि तरीही ती रोज त्याचे ताट वाढते. भिंतीवर हार घातलेला फोटो मष्णूचा!

शालूबाई गोंधळून गेल्या. रात्री वाढताना त्या नवऱ्याच्या मनगटाला हात लावून पाहू लागल्या.

"काय बघतीस गं?"

"अंग ऊन हाय न्हवं?"

"लई ऊन हाय! पयल्या भागात मेलोय, दुसऱ्यात उठतो बघ."

शालूबाईंना हसू आले नाही.

त्यातच भाची सौम्याची हळद आली. तिची आई, म्हणजे शालूबाईंची भावजय मंगल, नोकरीला जाई, तेव्हा याच आत्याने तिला न्हाऊमाखू घातले होते. सवाशिणींत पहिली हळद लावण्याचा मान आत्याचाच ठरला होता. पण तो भाग साऱ्या गल्लीने पाहिलेला. मांडवात मंगलने हळदीची वाटी पदराआड धरली.

"वन्सं, राग मानू नका. तुमीच आपल्या हातानं कुंकू पुसलंय. मला कायच कळंना झालंय."

"मला तरी कुठं कळतंय गं मंगल?"

पाटावरून सौम्या म्हणाली, "आत्ती, तू लावल्याबिगार मी हळद घेत न्हाय."

मंगल घुटमळली. तोच पुरुषांच्या बैठकीतून मष्णूचा आवाज आला, "आरं, दुसरा चहा आणा की! मेलेल्याला एकच कप असतोय व्हय रं?"

मांडव खदखदून हसला. मंगलही हसली, आणि हसता हसता डोळे पुसत तिने वाटी पुढे केली. शालूबाईंनी आपल्या उजव्या हाताकडे पाहिले. पुसणारा हात हाच; मग लावणारा कोणता? त्यांनी तोच हात हळदीत बुडवला आणि भाचीच्या गालावर ठेवला. सौम्याने तो गालाशी घट्ट दाबून धरला.

देवा, शालूबाईंच्या भांबावल्या मनाला थारा लाभो. मष्णूला उदंड आयुष्य लाभो. सौम्याचे पाऊल नव्या दारी सुखाने पडो. आणि त्या घरात अन्न व आपली माणसे कधीही उणी न पडोत!