दहा मीटर मांजरपाट

चेलनाला बघायला धुळ्याहून पाहुणे आले, तेव्हा मम्मीने आधीच बजावलं होतं, "गाणं शिकवते, एवढंच सांगायचं." पण मुलाच्या आईने विचारलं आणि चेलना म्हणाली, "मी भुताच्या सिनेमांना संगीत देते. ऐकवू?"

तिने मोबाइलवर ऐकवलं. कापड फाटल्याचा आवाज, पण इतका संथ केलेला की कुणीतरी दाबलेल्या घशातून श्वास घेतंय असं वाटावं. मुलाच्या आईने चहाचा कप खाली ठेवला. "लग्नानंतर हे बंद करशील ना, बेटा?"

"नाही," चेलना म्हणाली.

सोयरीक तिथेच मोडली.

चेलनाचे वडील पन्नालाल यांचं दोंडाईच्याच्या बाजारात कापडाचं दुकान. दुपारी वर्दळ नसताना ती तिथेच माइक लावून आवाज टिपायची. त्या संध्याकाळी त्यांनी माइक उचलून तिच्या हातात दिला. "दुकान माझं आहे. उद्यापासून हे इथे चालणार नाही."

शिरपूरचा दिग्दर्शक जितेंद्र, त्याचा पहिलाच सिनेमा तिच्या हातात होता आणि संगीत अर्धं झालं होतं. शेवटच्या प्रसंगात विहिरीतली बाई तोंड उघडते. तिथे जितेंद्रला किंकाळी हवी होती. चेलनाने साफ नकार दिला होता. किंकाळी सगळेच लावतात, इथे जाड कापडच फाटलं पाहिजे, असा तिचा हट्ट.

दुसऱ्या दिवशी ती गिऱ्हाइकासारखी दुकानात शिरली. पैसे गल्ल्यासमोर ठेवले. "दहा मीटर मांजरपाट द्या. मीटर-मीटरचे तुकडे. हाताने फाडून."

नोकर गालात हसला. पन्नालाल यांनी पैसे मोजून गल्ल्यात टाकले. दुकानात आलेलं गिऱ्हाईक त्यांनी कधी परत पाठवलं नव्हतं. त्यांनी ठाण उलगडलं, काठाला कात्रीने चीर दिली आणि दोन्ही हातांनी कापड ओढलं. रागात होते, त्यामुळे जोरही तसाच लागला. चेलनाने माइक जवळ नेला.

शेवटचा तुकडा तिच्यापुढे टाकत ते म्हणाले, "सिनेमात माझं नाव लावायचं नाही."

"ते माझ्या नावातच आहे, पप्पा. कसं काढू?"

हिवाळ्यात धुळ्याच्या एका छोट्या सभागृहात सिनेमा दाखवला. पन्नालाल आले नाहीत. मागच्या रांगेतली पोरं आधी खिदळत होती. विहिरीचा प्रसंग आला, बाईच्या तोंडून कापड फाटलं आणि खिदळणं थांबलं. मम्मी कानांवर हात ठेवून बसली होती.

"मला नाही आवडलं," बाहेर आल्यावर ती म्हणाली.

"आवडावं म्हणून केलंच नव्हतं," चेलना म्हणाली, आणि तिथूनच फोन लावून तिने दुसऱ्या सिनेमाला होकार कळवला.