आमची गरिबी बघायला पाहुणे आले

आधीच सांगून ठेवते, मी चिडकी बाई आहे. शारजात चौदा उन्हाळे एका खोलीत काढले की भलीभली माणसं चिडकी होतात, माझी तर मुळातच तयारी होती. आमचे हे मात्र शांत. कुणी कधीही विचारा, कसं काय, तर उत्तर ठरलेलं : एकदम मजेत. ताप असो, पगार लांबलेला असो, मजेतच. या मजेत असण्याने आमचं एकदा जवळजवळ वाटोळंच झालं असतं.

हे औद्योगिक क्षेत्रातल्या एका वर्कशॉपमध्ये लेथ मशीन चालवतात. लोखंडाचा तुकडा अगदी बारीक मापात तासायचा, म्हणजे सगळी भिस्त डोळ्यांवर. आणि वयाच्या सत्तेचाळिसाव्या वर्षी दोन्ही डोळ्यांत मोतीबिंदू. आधी म्हणाले, धूळ गेली असेल. मग चष्मा बदलला. मग माप वाचायला शेजारच्या मशीनवरच्या माणसाला हाका मारायला लागले, आणि हे मला घरी सांगितलंसुद्धा नाही. शेवटी फोरमनच्या लक्षात आलं. व्हिसा संपायला चार महिने होते. तो म्हणाला, डोळे ठीक करून ये, नाहीतर मालक नवीन व्हिसा काढणार नाही. व्हिसा नाही म्हणजे खलास. मुलगी आठवीत होती, तिची शाळा अर्धी टाकून तिघांनी गाशा गुंडाळायचा.

ऑपरेशन दोन्ही डोळ्यांचं बारा हजार दिरहम. म्हणजे पावणेतीन लाख रुपये, मी हॉस्पिटलच्या काउंटरवरच मोठ्याने बोलले. आमचं इन्शुरन्सचं कार्ड सर्दी-खोकल्यापुरतं. गावी जाऊन करून यावं, तर सुटी मिळेना आणि सुटी न घेता गेलं तर मशीनवर दुसरा माणूस उभा. गावी कुणाकडे मागावं तर तेही अवघड, कारण यांचा पगार चार हजार दिरहम म्हटला की तिकडे त्याचे नव्वद हजार रुपये होतात आणि लोक उलट आमच्याकडेच मागतात. खोलीचं भाडं आणि शाळेची फी गेल्यावर काय उरतं ते कोण विचारतंय.

त्याच काउंटरवरच्या मुलीने सांगितलं की कमी पगाराच्या लोकांना उपचारासाठी मदत करणारी एक संस्था आहे, अर्ज करा. हे तिथेच मागे सरले. बाहेर आल्यावर म्हणाले, "आपण काय भिकारी आहोत का?"

"नाही, आपण आंधळे होणार आहोत," मी म्हटलं. "चालेल?"

मग अर्ज मीच भरला. पगाराचा दाखला, खोलीचा भाडेकरार, बँकेचं स्टेटमेंट, डॉक्टरांचा रिपोर्ट. तीन वेळा गेले, तीन वेळा एकेक कागद कमी निघाला. तिसऱ्या वेळी मी तिथल्या क्लार्कला सांगितलं, आता उरलंय फक्त माझ्या लग्नाच्या जेवणाचं बिल, ते आणू का? बिचारा हसला आणि फाइल घेतली. आठवड्याने फोन आला : मंगळवारी संध्याकाळी पाच वाजता संस्थेच्या दोन बायका घर बघायला येतील.

झालं. घरी पाहुणे येणार!

आता तुम्ही म्हणाल, त्या पाहुण्या नव्हत्या, चौकशीला येणार होत्या. ते मला आज कळतं. त्या वेळी डोक्यात एकच किडा : परक्या बायका पहिल्यांदा आपल्या घरात येणार आणि घर हे असं? एका खोलीत आम्ही तिघं, पलीकडच्या खोलीत वसईचं ख्रिश्चन जोडपं, स्वयंपाकघर दोघांत एक. वसईच्या ताई एका हॉटेलात खोल्या लावायचं काम करतात. मी नुसतं म्हटलं की पाहुणे येणार आहेत, तर त्यांनी पदरच खोचला. "अगं बाय, तू काय काळजी करू नको," म्हणाल्या. त्यांचा सोफा आमच्या खोलीत आला. त्यांच्या लग्नातला सोनेरी काठाचा डिनर सेट आला. पांढराशुभ्र टेबलक्लॉथ आला. पलंगावर चादर अशी ताणून बसवली की वर बसायची भीती वाटावी, आणि वर टॉवेलचे दोन हंस केले, चोचीला चोच लावून. वाळत घातलेले कपडे, पाण्याचे कॅन, यांच्या कामाचे बूट, सगळं त्यांच्या खोलीत कोंबलं.

मी ठेवणीतली साडी नेसले, गळ्यात एक ग्रॅमवाला लांब हार घातला. पोहे केले, शिरा केला, चकल्या तळल्या. मुलीला चांगला ड्रेस घालायला लावला. ती दारात उभी राहून सगळं बघत म्हणाली, "मम्मी, आर वी पुअर ऑर नॉट?"

"गप बस आणि ट्रे नीट धर," मी म्हटलं.

पाचच्या ठोक्याला दोघी आल्या. एक तरुण, हातात टॅब घेऊन. दुसरी इथलीच, सत्तरीच्या घरातली, काळ्या पायघोळ अबायातली, काठी टेकत आलेली. ती म्हातारी सोफ्यावर बसली, हंसांकडे बघितलं, हाराकडे बघितलं. जुन्या लोकांना इथे हिंदी छान येते, तशी तिला येत होती. तरुणीने प्रश्न सुरू केले आणि आम्ही दोघांनी आपल्याच पायांवर धोंडे पाडून घ्यायला सुरुवात केली.

घरात खाण्यापिण्याचं कसं? मी म्हटलं, देवाच्या दयेने उत्तम, रविवारी मटण, बुधवारी मासे. धादांत खोटं! पण पाहुण्यांना काय सांगायचं, की महिनाअखेर डाळभात? कुणाचं देणं? छे छे, एका पैशाचं नाही. ती मुलगी टॅबवर टकटक करत होती आणि तिचा चेहरा लांब होत चालला होता. मग तिने यांना विचारलं, आणि डोळे कसे आहेत?

हे हसून म्हणाले, "एकदम मजेत!"

मला वाटलं, आता हा शिऱ्याचा डाव यांच्या डोक्यात घालावा. मी डोळे वटारले, पण वटारलेले डोळे यांना दिसणार कसे? उलट यांना जोर चढला. आजवर घरी आलेल्या प्रत्येक पाहुण्याला यांनी स्वतःच्या हाताने चहा दिलाय, तशी किटली उचलली आणि म्हातारीपुढे ओतायला लागले. चहाची धार कपाच्या बोटभर डावीकडे, सरळ पांढऱ्या टेबलक्लॉथवर. यांना पत्ताच नाही. चेहऱ्यावर तेच हसू.

म्हातारीने कप उचलला आणि हळूच धारेखाली नेऊन धरला. भरल्यावर म्हणाली, "बस, शुक्रिया."

तेव्हा मात्र मला राहवलं नाही. माझ्या तोंडाचा नळ सुटला. हिंदी, मराठी, येईल त्या भाषेत सांगितलं. हा सोफा आमचा नाही, कप आमचे नाहीत, हा हार सोन्याचा नाही, मटण दिवाळीनंतर शिजलेलं नाही. माझ्या भावाकडून फीसाठी घेतलेले पैसे अजून फेडायचेत. आणि हा माणूस मजेत नाही, याला समोरचा कप दिसत नाही, पण मरेल तरी कुणाला सांगणार नाही! बोलता बोलता रडले, आणि रडताना रागही येत होता, म्हणून चकल्यांची ताटली जोरात त्यांच्यासमोर आदळली. "लेकिन ये मेरे हाथ का है," म्हटलं, "ये खाओ."

म्हातारीने चकली घेतली. कडकन तोडली, चावली, आणि मग जी हसायला लागली ती थांबेचना. डोळे पुसत म्हणाली, "हम छोटे थे, खोर फक्कान गाँव में, तब कुछ नहीं था. मेहमान आता तो कालीन बाजू के घर से आता था. मेरी माँ बोलती थी, अपना है." तिने त्या तरुणीच्या टॅबवर हात ठेवला आणि अरबीत काहीतरी सांगितलं. ती मुलगी आधी गोंधळली, मग हसली आणि लिहिलेलं सगळं पुसून पहिल्यापासून विचारायला लागली. या वेळी आम्ही खरं सांगितलं. मध्येच वसईच्या ताई भिंतीपलीकडून ओरडल्या, "डाग निघेल गं, टेन्शन घेऊ नको!" म्हणजे बाई भिंतीला कान लावून बसल्या होत्या.

जाताना म्हातारीने उरलेल्या चकल्या मागून घेतल्या. मी "हो जाएगा ना?" विचारलं तर बोट वर करून म्हणाली, "इन्शाल्ला." इथे इन्शाल्ला म्हणजे हो की नाही हे चौदा वर्षांत मला कळलेलं नाही. अकरा दिवस मी फोन हातात घेऊन फिरले. बाराव्या दिवशी निरोप आला, दोन्ही डोळ्यांचा पूर्ण खर्च मंजूर. मी किंचाळले. हे म्हणाले, "मी म्हटलं होतं ना, होईल." कधी म्हटलं होतं? पण त्या दिवशी मी भांडले नाही, एवढी मी खूश होते.

व्हिसाचंही पुढे निभावलं. पण मला सांगायचंय ते पहिल्या डोळ्याची पट्टी काढली त्या सकाळचं.

मी आणि मुलगी बाहेर खुर्च्यांवर बसलो होतो. माणसांनी हॉल भरलेला. हे आतून आले, एका हाताने भिंत चाचपत, सवयीने. मग हात सुटला. सरळ आमच्याकडे चालत आले, मुलीसमोर थांबले, वाकले आणि सगळ्या हॉलला ऐकू जाईल अशा आवाजात म्हणाले, "अगं, हिच्या गालावर पुटकुळी आलीय!"

"बाबा! स्टॉप इट!" ती लालेलाल. शेजारचे दोघं मराठीच निघाले, फिसकन हसले.

"आणि ही एवढी मोठी कधी झाली?" त्यांनी मला विचारलं. हसत नव्हते. खरंच विचारत होते. दोन वर्षं ते रोज तिच्याशी बोलत होते, तिच्या डोक्यावरून हात फिरवत होते, आणि तिचा चेहरा त्यांना धड दिसत नव्हता. हे मला, त्यांच्या बायकोला, माहीत नव्हतं. कसं आहे विचारलं की मजेत म्हणायचे.

मुलगी तोंड फिरवून निघालीच होती.

"हलू नकोस गं," हे म्हणाले, "जरा बघू दे."

आणि ती थांबली. गालावर हात नेला होता, तो तिने खाली घेतला.