दोन दारांचा तह

युरोपातल्या कोणत्याही दोन देशांचं कधी बिनसलं, कुणामुळे बिनसलं आणि पुन्हा बोलणं सुरू करताना आधी कोण खाकरलं, हे आमच्या वरच्या मजल्यावरच्या शेजाऱ्यांना जितकं ठाऊक आहे तितकं त्या देशांच्या परराष्ट्रखात्यांनाही ठाऊक नसेल, असं माझं ठाम मत आहे. माणूस मूळचा नागपूरचा, पोटासाठी अमेरिकेत, ॲरिझोनातल्या चँडलरमध्ये कॉम्प्युटरच्या चिपा तपासतो. युरोप त्यांनी पाहिला आहे तो फ्रँकफर्टच्या विमानतळाच्या काचेतून, दोन विमानांच्या मधल्या वेळात. बायकोला तिथे कॉफी प्यायची होती. यांनी तिला काचेपाशी उभं करून जर्मनीचं एकीकरण इतकं सविस्तर सांगितलं, की पुढचं विमान चुकता चुकता राहिलं आणि कॉफी राहिलीच.

आम्ही दोघं एकाच गाडीने ऑफिसला जातो. गाडी त्यांची, ड्राइव्ह तेच करतात, त्यामुळे विषयही त्यांचाच. पोलंडची पहिली फाळणी घराजवळच्या सिग्नलला होते, दुसरी फ्रीवेवर, आणि तिसरी रंगात आली की आमचा एक्झिट हमखास चुकतो. एकदा मी भीत भीत म्हटलं, "जीपीएस लावूया का?" तर म्हणाले, "नको यार, ती बाई मधे मधे बोलते." भांडण हा शब्द ते वापरतच नाहीत. त्यांच्याकडे संबंध ताणले जातात, निवळतात, किंवा राजदूत माघारी बोलावले जातात. मुलीने खोलीचं दार आपटलं की हे बाहेरून विचारतात, "हा निषेधाचा खलिता समजायचा का?" आतून उत्तर येतं, "बाबा, आय ॲम जस्ट हंग्री."

पण या विद्येचा लोकांना काही उपयोगच नाही असं म्हणता येणार नाही. एका गणपतीच्या पॉटलकला, म्हणजे ज्याने त्याने आपापला पदार्थ आणायच्या जेवणाला, दोन काकूंनी पुरणपोळ्या आणल्या आणि टेबलाच्या सुरुवातीला कुणाचा डबा ठेवायचा यावरून दोघींचे चेहरे उतरले. शेजारी लगबगीने मधे पडले. त्यांनी आधी त्या दोघींना लंडनची हकीकत सांगितली. तिथे म्हणे फ्रान्स आणि स्पेनच्या राजदूतांच्या बग्ग्या पुढे कुणी जायचं यावरून भिडल्या आणि माणसं मेली. काकू घाबरल्या. मग त्यांनी व्हिएन्नाच्या परिषदेचा नियम काढला: जो आधी दाखल झाला, त्याचा मान आधी. त्या नियमाने टेबलाच्या अग्रभागी एका विद्यार्थ्याने सगळ्यांच्या आधी आणलेला वेफर्सचा पुडा आला, आणि दोन्ही काकू एकजुटीने त्या बिचाऱ्यावर घसरल्या. शेजारी माझ्या कानाशी येऊन म्हणाले, "बघा, समान शत्रू मिळाला की युती होते."

अशा माणसाचे स्वतःच्या सख्ख्या भावाशी संबंध तुटलेले होते, हे मला फार उशिरा कळलं. भाऊ थोरला, राहायला गाडीने पंधरा मिनिटांवर. वडील गेले तेव्हा थोरला नागपूरला त्यांच्यापाशी होता. धाकट्याचं विमान वाटेत रखडलं, आणि ते पोचले तेव्हा सगळं उरकलेलं होतं. थोरल्याने थांबायला हवं होतं, एवढं एकच वाक्य ते बोलले आणि त्यानंतर कित्येक वर्षं काहीच बोलले नाहीत. आईला दोघांनीही याचा पत्ता लागू दिला नव्हता. आता आई इकडे यायला निघाली होती आणि फोनवर म्हणाली होती, "मला घ्यायला दोघं मिळून या." दोघं मिळून आले नसते तर त्या म्हातारीला विमानतळावरच सगळं कळलं असतं.

भेट ठरवली ती दोन जावांनी, फोनवर. त्यांचं बोलणं कधी बंदच नव्हतं. शेजाऱ्यांकडे मात्र अटी तयार होत्या. भेट तटस्थ भूमीवर, म्हणजे आमच्याकडे. आमचं घर तळमजल्यावर असल्याने त्याला दोन दारं, पुढचं आणि मागच्या पॅटिओचं, म्हणजे फरसबंद अंगणात उघडणारं. "तुर्कांशी तह करताना मंडपाला चार दारं ठेवली होती," ते मला समजावून सांगू लागले. "सगळे एकदम आत. जो आधी आत जातो तो वाट बघत बसतो, आणि वाट बघणारा गरजू ठरतो."

"भावजी, तुमचा भाऊ आहे तो, तुर्कस्तान नाही," माझी बायको म्हणाली. "आणि पोहे गार होतील."

शनिवारी सकाळी मी दोन्ही दारं दिसतील असा मधोमध उभा राहिलो आणि ठरल्याप्रमाणे टाळी वाजवली. दोन्ही दारं उघडली. पुढच्या दारात थोरले होते. तेच नाक, केस तेवढे कमी, बूट काढून हातात धरलेले. मागच्या दारात आमचे शेजारी, इस्त्रीच्या शर्टात. ते घसा साफ करून तयार केलेली प्रस्तावना सुरू करणार, एवढ्यात थोरलेच तिथून बोलायला लागले.

"मे महिना होता रे. सगळे म्हणत होते थांबू नका. मी त्यांना दुपारपर्यंत धरून ठेवलं. मग मला नाही धरवलं."

शेजाऱ्यांनी प्रस्तावना बाजूला ठेवली. त्यांनी विचारलं, "दादा, बाबांनी माझं नाव घेतलं होतं का?"

मला वाटलं, थोरले हो म्हणतील. मी असतो तर म्हटलं असतं.

"नाही," थोरले म्हणाले. "कुणाचंच नाही. मी उशाशी बसलो होतो, माझंही नाही घेतलं."

शेजारी हळूच खाली बसले, पॅटिओच्या दारातच. थोरले बूट तिथेच टाकून घर ओलांडून गेले आणि त्यांच्या शेजारी टेकले. दोघांची आमच्याकडे पाठ होती. ते तेव्हा काय बोलले ते मला ऐकू आलं नाही, आणि ऐकावंसंही वाटलं नाही. इतकी वर्षं माझ्या शेजारी बसून गाडी चालवणारा हा माणूस कुठला प्रश्न मनात घेऊन फिरत होता, हे मला ठाऊक नव्हतं याचं वाईट वाटलं.

ॲरिझोनाच्या जूनमध्ये आमच्याकडे दार अर्धा मिनिट उघडं राहिलं तरी एसी वाया जातो म्हणून बायको ओरडते. त्या दिवशी दोन्ही दारं सताड उघडी होती आणि घरभर झळा येत होत्या. तिने पोह्यांच्या दोन बशा नेऊन त्या दोघांच्या मधे ठेवल्या आणि दार तसंच राहू दिलं.