मासा मरत नसल्याची तक्रार

आधी चहा संपवा, मग सांगतो. यात हसण्यासारखं पुष्कळ आहे, पण मध्येच घोट अडकेल आणि तुम्ही मला शिव्या द्याल. माझ्या मूर्खपणाचे नमुने तुम्ही बरेच ऐकलेत. या एकापुढे बाकीचे सगळे पोरखेळ आहेत.

माझं चंद्रपुरातलं रंगीत माशांचं दुकान आठवतं ना? अब्बांचं सायकल दुरुस्तीचं दुकान होतं, त्यात मी काचेच्या टाक्या मांडल्या. अब्बा म्हणाले, जिल्हा वाघांचा आणि आमचं पोरगं मासे विकतं. सुरुवातीला कोलकात्याचे गोल्डफिश, गप्पी, असला किरकोळ माल. मग दोन हजार सालानंतर वास्तूचं खूळ आलं आणि लोक एकदम परदेशी मासे मागू लागले. मलेशियाचा माल विमानानं चेन्नईला उतरायचा, तिथून रेल्वेनं बल्लारशाला. थर्माकोलचा डबा, त्यात पिशव्या, पिशवीत ऑक्सिजन, आणि बाहेर आमचा मे महिना! डबा उघडला की अर्धे मासे पोट वर करून तरंगत असायचे. उरलेले गिऱ्हाइकाच्या घरी जाऊन मरायचे.

मग गिऱ्हाईक भांडायला यायचं. एक बाई तर मेलेला मासा स्टीलच्या डब्यात घालून आल्या. भांडता भांडता त्यांच्या तोंडून निघालं, की त्याच दिवशी पोरगा स्कूटरवरून पडला होता, पण नुसतं खरचटलं. माझी जीभ तुम्हाला माहीतच आहे. मी म्हणालो, "बाई, पोरावरचं संकट त्यानं अंगावर घेतलं. म्हणून गेला बिचारा." बाईंच्या डोळ्यांत पाणी आलं. जाताना त्या आणखी दोन मासे घेऊन गेल्या.

झालं, मला खजिनाच सापडला. मासा जगला तर उत्तम, मेला तर त्याहून उत्तम. असा धंदा पाहिलाय का कुणी? हे अब्बांच्या कानावर गेलं असतं तर त्यांनी मलाच टाकीत बुडवलं असतं. पण गिऱ्हाइकापुढे मी मोठा जाणकार झालो. चेहरा गंभीर करायचो, आवाज खाली आणायचो.

आणि मग बंडू आला.

बंडू माझा शाळेतला दोस्त, वरोऱ्याजवळच्या खेड्यातला. त्याची आई, म्हणजे आमची मावशी, माझ्यासाठी कोथिंबीर भरलेल्या सांभारवडीचा वेगळा डबा पाठवायची. त्या दिवशी बंडूचं तोंड उतरलेलं होतं. मावशीच्या पायांवर सूज आली होती, चार पावलं चाललं की दम लागत होता. डॉक्टर म्हणत होते नागपूरला न्या, हृदयाचं दिसतंय. मावशी म्हणत होती, मी कुठं जात नाही. बंडूच्या कानावर कुठून तरी माझी माशांची कथा गेली होती.

आता इथं शहाणा माणूस काय करील? सरळ सांगील, गाडी कर आणि आईला ने. पण माझ्याकडे त्याच आठवड्यात फ्लॉवरहॉर्न मासा आला होता. लालभडक, कपाळावर हे एवढं टेंगूळ. मी गंभीर चेहरा केला आणि त्याचं माहात्म्य सुरू केलं.

बंडूनं सगळं ऐकलं आणि विचारलं, "आपन मारला तं चालते काय?"

"छे," मी म्हणालो. "त्याचा त्यानं मरायला पाहिजे."

बघा, मी नियमसुद्धा करून ठेवले होते.

काही आठवड्यांनी बंडू परत आला तो कपाळाला आठ्या घालून. "सलीम, मासा मरून नाई राह्यला."

माशांच्या धंद्यात अशी तक्रार घेऊन आलेला तो पहिला माणूस. मी पोट धरून हसलो. तसा तो मासा चिवटच असतो. आमच्याकडे वीज तयार होते आणि आमच्याकडेच तासन् तास जाते. हवेचा पंप बंद, पाणी गरम, तरी हा पठ्ठ्या काचेला टकरा मारतोय. मी म्हणालो, अरे, चांगला माल दिलाय तुला. मावशी कशी आहे नागपुरात?

"नागपूरले काऊन नेऊ? मासा मराची वाट पाहून राह्यलो ना."

माझं हसू जागच्या जागी गोठलं. या माणसानं आईचं औषधपाणी माझ्या माशावर सोपवलं होतं.

मी त्याला खरं सांगितलं. म्हणालो, मी थापा मारल्या, ते सगळं माझ्या डोक्यातून निघालंय. कानाला हात लावला, अल्लाची शपथ घेतली. बंडू माझ्याकडे संशयानं बघत राहिला. त्याला वाटलं, मला जास्त पैसे देणारं गिऱ्हाईक भेटलंय आणि मी मासा परत मागतोय. आयुष्यात एकदा खरं बोलायला गेलो, तर ही गत!

दुसऱ्या दिवशी मी त्याच्या घरी गेलो. मावशी खाटेवर, समोर टाकी. ती इतकी सुजली होती की मला बघवेना. बंडू पाणी आणायला आत गेला तशी तिनं मला जवळ बोलावलं. उशाखालून कणकेच्या बारीक गोळ्या काढून दाखवल्या.

"बंडूले नको सांगू. मी चारतो त्याले. माह्यापायी त्या मुक्या जिवानं काऊन मरावं?"

म्हणजे लेक मासा मरायची वाट बघतोय आणि आई त्याला चोरून जगवतेय. आणि दोघांच्या मध्ये मी, थाप मारणारा. मला तिथंच रडू आलं. पण रडून काय होणार होतं? खरं कुणालाच नको होतं. तेव्हा मी पुन्हा चेहरा गंभीर केला, आवाज खाली आणला आणि बंडूला म्हणालो, "तुझी चूक कळली मला. माणूस माशासमोर बसला की तो संकट उचलत नाही. मावशीला दूर ने. नागपूर तर एकदम बरोबर पडतं."

तासाभरात दारात जीप उभी राहिली.

नागपूरचे डॉक्टर म्हणाले, आणायला फार उशीर केलात. मावशी घरी परत आली ती ॲम्ब्युलन्समधून, पांढऱ्या चादरीखाली.

तेरवीनंतर बंडू मासा घेऊन दुकानात आला. वाटलं, आता हा माझी गचांडी धरणार. धरली असती तर बरं झालं असतं. त्यानं फक्त बादली खाली ठेवली आणि म्हणाला, "याचा काय दोष? मायचे दिवसच भरले होते." मग माझ्याकडचा चहा पिऊन गेला. मला मात्र कप उचलवला नाही.

तो मासा मी विकला नाही. गल्ल्याशेजारी ठेवला. थापा बंद केल्या, पण उपयोग काय? गिऱ्हाइकं आता मलाच समजावून सांगायची की मेलेला मासा संकट घेऊन जातो. मी नाही म्हणालो की हसायची.

काही वर्षांनी माझ्याच छातीत कळ आली. नागपूर. मावशीला नेलं होतं त्याच हॉस्पिटलात ऑपरेशन ठरलं. आदल्या दिवशी बंडू संत्री घेऊन भेटायला आला. घरचं, दुकानाचं बोलणं झालं. मग मी अगदी सहज विचारल्यासारखं विचारलं, मासा कसा आहे?

"दुकानावरूनच आलो ना. एकदम मस्त हाये. बोट दाखवलं तं चावाले धावते."

हसू नका. ही थाप मीच जन्माला घातली होती, तिच्यापायी काय झालं ते मीच बघितलं होतं. हे सगळं मला पाठ होतं. तरी मी नर्स बाहेर जायची वाट पाहिली, बंडूचा हात धरला आणि हळूच विचारलं,

"बंडू, आपण मारला तर चालतं का रे?"



"नाई," तो म्हणाला. "त्याचा त्यानं मराले पाह्यजे. तूनंच तं सांगतलं होतं."

आणि खाली मान घालून माझ्यासाठी संत्रं सोलायला लागला.